कपच्या

जखिणवाडीतून आगाशिवचा डोंगर चढून
आम्ही लेण्याशी पोचलो तेव्हा
हेडसेटची बॅटरी अठ्ठावन्न टक्के होती
आणि यल्लाप्पा धोत्रेंचा दम पुरा शाबूत.
माझा नव्हता.

दोन महिन्यांपूर्वी मलकापुरात, पुलाच्या सावलीत,
त्यांच्या जाती-वरवंट्यांच्या ढिगाशेजारी
मी माइक धरून बसले होते.
मला फक्त आवाज हवा होता, छिन्नीचा.
"किती येळ ठोकू?"
"नेहमी ठोकता तसं ठोका."
"नेहमीचं पोटासाठी आसतंय. त्ये येगळं वाजतंय."
सव्वीस मिनिटं रेकॉर्ड केलं, पाचशे रुपये दिले.
वर त्यांनी एक वरवंटा दिला, नको नको म्हणताना.
अजून गाडीच्या डिकीत आहे, वळणावर गडगडतो.

लेण्यात वटवाघळांचा उग्र वास,
भिंतीवर बाण घुसलेला बदाम, त्यात कुणी स्वप्नील.
दगडी ओट्यावर त्यांना बसवलं,
टोपी काढायला लावली, पट्टा आवळला.
कपाळावर टोपीची पांढरी रेघ.

आधी पूर्ण झालेलं लेणं दाखवलं :
विझलेल्या कोनाड्यांत दिवे, छताला रंग
(रंग माझ्या अंदाजाचे),
चीवर सावरत जाणारे चार भिक्खू.
ते गप्पच. लग्नात परक्यासारखे.
मग मी काळ मागे नेला. डोंगर बंद झाला.
आणि पहिला घाव.

मान झटक्यात वर झाली.
"ही माजीच सुतकी.
घाव शेवटाला घसरतोय बगा. खांदा दुखत हुता त्या दिवशी."

दोन हजार वर्षांमागच्या काळोखात
त्यांचा दुखरा खांदा वाजत राहिला.
त्यांनी हवेत हात घातला
आणि कुणाचं तरी मनगट धरलं.
"सैल सोड की रं. आवळून धरलंस तर सांजच्याला भाकरी मोडंना."

मग जरा रागानं, मला :
"खालनं कोण चालू करतंय? आदी छत.
छताखाली हुबं ऱ्हायाचं,
आन् पायाखालचा डोंगर काढत काढत उतरायचं."
मी वहीत लिहून घेतलं. छत आधी.
पुरातत्त्वाच्या पुस्तकात हे होतं,
मी वाचलंही होतं.

"आन् ह्ये समदं कुटं गेलं?"
"काय?"
"दगूड. येवढी खोली झाली,
म्हंजी येवढाच डोंगर भाईर पडला आसंल.
कपच्या कुणी वाहिल्या?"

माझ्याकडे घाव बसला की दगड नाहीसा होतो.
एका ओळीचं काम आहे ते.
तेवढ्यावर मी खूश होते, धूर नाही, ढीग नाही,
मशीन अडखळत नाही.

"माजी आय पाट्या वाहायची कालव्याच्या कामावर.
तिमव्वा. आठ आणे जास्त मिळायचं बा ला,
त्यो फोडायचा म्हनून."
हेडसेट अजून डोळ्यांवर होता.
तो काढा म्हणायचं मला सुचलं नाही.
खाली कृष्णा-कोयना एकमेकींत शिरत होत्या,
कारखान्याच्या धुरानं अर्ध्या झाकलेल्या.

परत जाऊन मी बाई केली. एकच.
चेहरा दिला नाही, मला माहीत नव्हता.
चालणं मात्र त्यांनी स्वतः चालून दाखवलं होतं,
पुलाखाली, डोक्यावर रिकामी पाटी घेऊन,
सत्तरीचा माणूस आईसारखा चालत :
डावा पाय जरा बाहेर, मान गच्च,
डोळे पायांपुढच्या दोन हातांवर.

फेब्रुवारीत उंडाळ्याची सहल आली.
पोरं भिक्खूंना टपल्या मारायला गेली,
दिव्यावर फुंकर मारून पाहिली. बाई कुणी बघेना.
फक्त एक मुलगी, आठवीतली, दोन वेण्या,
भर दुपारी त्या मोकळ्या लेण्यात
एकाएकी भिंतीला चिकटली,
दप्तर पोटाशी धरलं,

आणि कुणाला तरी जाऊ दिलं.