सोळा बेचाळीस

गुरुवारी पगार, म्हणून गुरुवारीच पिशवी.
डंगॅननच्या टेकडीखालच्या दुकानात
शेवटच्या रांगेतलं काचेचं दार ओढलं
की तोंडावर पांढरी वाफ येते,
आणि मी एक पाऊल मागे सरते.
दिवसभर त्याच गारठ्यात उभी असते ना,
अंगाला वाटतं, पुन्हा पाळी लागली.

मोठी पिशवी, छत्तीस तुकडे.
वर पिवळी चिठ्ठी, किंमत उतरलेली,
कारण एक कोपरा चेपलाय.
चेपलोय तर आपणही, ब्रोना म्हणते,
पण आपल्याला चिठ्ठी लावायची गरज नाही,
आपण आधीच स्वस्त.

घरी ओव्हन दोनशेवर.
ट्रेमध्ये तुकडे मांडते, एकमेकांना न टेकता,
पट्ट्यावर मांडतात तसे.
हाताला सुट्टी कळत नाही.
अठरा मिनिटं, नवव्याला उलटायचे.
पिशवीवर लिहिलंय, असं म्हणतात.
मी कधी वाचलं नाही.

झेफेरिनोनं आज मित्राला आणलंय.
टिअर्नन. तांबड्या भुवया,
दारात बूट एकावर एक चढलेले.
"हा दुसरं काही खात नाही,
त्याला भात दाखवू नकोस," मला ताकीद.
या पोराच्या बोलण्याला इथलाच हेल,
बाउकाउहून आई फोनवर विचारते,
कोण बोललं गं मघाशी?
तिथे बाबा झुंजीचा कोंबडा काखेत घेऊन
गावभर फिरायचे.
आम्हा भावंडांना कधी घेतलेलं आठवत नाही.

ओव्हनच्या काचेमागे चुरा तांबूस होतो.
मी रिकाम्या पिशवीची घडी घालते
आणि सवयीनं पाठ बघते,
काळ्या ठिपक्यांचे आकडे:
लाईन तीन. अकरा मार्च. सोळा बेचाळीस.

तीनवर मीच होते.
आधी कोरडं पीठ, मग ओलं, मग चुऱ्याचा पडदा,
सरसर पडत राहणारा.
त्याखालून तुकडे जातात,
कुणाची पाठ उघडी राहिली तर मी उचलायची.
मिनिटाला किती, ते सांगत नाही.
डोळे मिटले तरी जातच राहतात.

अकरा मार्चला झेफेरिनो भिंतीवरून पडला.
सोळा चाळीसला पहिला फोन.
आत अंगठी नको, घड्याळ नको, फोन नको;
तो लॉकरमध्ये थरथरत होता,
मी कुणाची तरी उघडी पाठ शोधत होते.
अकरा वेळा वाजला म्हणे.
इस्पितळात त्याच्यापाशी बसली ती टिअर्ननची आई,
सात वाजेपर्यंत, स्वतःचा स्वयंपाक टाकून.
मी पोचले तेव्हा हात प्लॅस्टरमध्ये
आणि प्लॅस्टरवर हिरव्या पेननं
टिअर्ननचं नाव, एक अक्षर चुकलेलं.

नववं मिनिट केव्हाच होऊन गेलं.
एका बाजूनं जरा जास्तच करपलंय.

"हे तुम्ही केलंत?" टिअर्नन विचारतो,
तोंडात एक, हातात एक.
"छे रे, पाकिटातलं आहे," झेफेरिनो हसतो,
त्याच हातानं सॉस ओढतो,
मनगट अजून पुरतं वळत नाही.
"दोन्ही खरं," मी म्हणते,
पण तोवर त्यांचं लक्ष फुटबॉलकडे.

पिशवीवर लिहिलंय, चौघांना पुरेल.
दोघांनी मिळून अठ्ठावीस खाल्ले.
चार मी बाजूला काढलेत, डब्यात घालून,
टिअर्नन जाताना नेईल, आईसाठी.
तिला काय सांगू? नुसतं म्हणेन,
उलटायला उशीर झाला, माफ करा.

उरलेले चार गार झालेत.
त्यावर मिरचीचा ठेचा घालून
मी ओट्याशी उभ्यानंच खाते,
आणि ट्रेला चिकटलेला चुरा
नखानं सोडवत राहते.