नेमके शब्द

खंडपीठाकडून रेकॉर्ड परत आलं अमळनेरला,
पांढऱ्या फडक्यात, चार गाठी मारून.
सही करून मीच घेतलं.
गाठी सोडायचं काही कारण नव्हतं.
सोडल्या.

पान सदतीस. साक्षीदार क्रमांक दोन,
रुखमाबाई सुपडू सैंदाणे, वय बेचाळीस, धंदा मजुरी.
टंकन माझं.
"केळीचे घड तोलायला काटा मळ्याच्या फाट्यावर लावला होता.
काटा दोन किलो मागे आहे असे मी म्हणाले.
त्यावरून आरोपीने मला जातिवाचक शिवीगाळ केली."
तीन वाक्यं, अकरा वर्षांपूर्वीची.
एका दमात वाचून होतात.

ती एका दमात बोलली नव्हती.
कठड्याला धरून आधी तिनं विचारलं होतं,
"सायेब, तो शबद आठे बोलू का?"
साहेब म्हणाले, बोला.
मग ती बोलली. अख्खं बोलली.
आवाजही त्याचाच काढला, घोगरा,
बोटही तसंच रोखलं, जणू समोर
अजून कोणी डोक्यावर घड घेऊन उभं आहे.
पट्टेवाल्यानं खिडकीबाहेर पाहिलं.
आरोपीच्या वकिलांनी चष्मा पुसला.
साहेब मला म्हणाले, म्हणते तसं घ्या,
आणि पुढचा कागद शोधू लागले.

माझी बोटं थांबली.
किती? दोन सेकंद असेल.
तो शब्द माझ्या दाखल्यावरही आहे,
शाईत, तहसीलदाराच्या गोल शिक्क्याखाली.
तिथं तो नुसती जात असतो.
पोरगा शेजारच्या शाळेत, तिसरीत होता,
दुपारी डबा खायला माझ्याजवळ यायचा,
स्क्रीनवर वाकून अक्षरं जुळवायचा.
हे कारण मी नंतर शोधलं. खरं कारण मला माहीत नाही.
मी टाईप केलं: जातिवाचक शिवीगाळ केली.
सभ्य वाक्य. कुठंही बसतं.

साक्ष वाचून दाखवली तेव्हा ती म्हणाली,
"इतलंच?"
मी कागद सरकवला. तिनं अंगठा दिला.

खंडपीठानं बाकीचंही तोललं.
झिपरू भादू सतरा पावलांवर होता की वीस.
ट्रकचं इंजिन चालू होतं, मग ऐकू कसं गेलं.
नणंद आहे, म्हणजे हितसंबंधी.
दोन दिवस उशीर का, तर गाडी भरायची राहिली होती,
मजुरी बुडाली असती; हे कोणी विचारलं नाही,
म्हणून कुठं आलं नाही.
बऱ्हाणपूरचा ड्रायव्हर, एकटाच त्रयस्थ, सांगून गेला,
"गाली थी साहब, इतना समझा. वो किसी की जात है,
ये मेरे को मालूम नहीं था."
त्याची साक्ष मी हसत टाईप केली होती.
आज वाचताना हसू आलं नाही.

आणि परिच्छेद बावीस:
नेमके कोणते शब्द उच्चारले गेले
याचा पुराव्यात उल्लेख नाही.
संशयाचा फायदा. अपील मंजूर.

कॅन्टीनमध्ये सगळे न्यायमूर्तींना बोलले.
मी चहा ढवळत बसलो.
त्यांना कसं बोलू? त्यांचा काटा बरोबर होता.
समोर आलं तेवढंच त्यांनी तोललं.
दोन किलो मी आधीच काढून ठेवले होते,
अकरा वर्षं, इथं, जिभेखाली.

तिला निकाल कळला असेल का?
चोपड्याच्या गाडीत एकदा दिसली होती,
केळीच्या चिकानं काळं झालेलं लुगडं,
मांडीवर नातू.
ओळखलं तिनं. "टाईपवाला भाऊ ना तू?"
सरकून जागा दिली.
तापीच्या पुलापर्यंत मी तिच्याशेजारी बसलो,
पूल आला की सांगायचं असं ठरवत.
पूल संपला.

फडक्याला परत चार गाठी मारल्या.
अभिलेख कक्षाच्या रजिस्टरात शेवटचे दोन रकाने:
एकूण पाने, शेरा.
पाने दोनशे चौदा.
शेऱ्यात नेहमी एकच शब्द लिहितात.
लिहिला: पूर्ण.
पेन उमटलं नाही.
गिरवला.