जेवणानंतर एक

खारघरला डॉक्टर कुट्टींनी
रिपोर्टच्या पाठीवर कुलूप काढलं.
म्हणाल्या, पाळी गेली तरी अंग गुपचूप
थोडं थोडं बाईपण शिजवत राहतं
आणि तेच खाऊन गाठ वाढते.
ही गोळी त्याच घरातली, तोंडवळा तोच.
कुलपात शिरते ती निघतच नाही.

मी नुसती मान हलवली.
हे मात्र खुर्चीत पुढे सरकले,
जांभळी नाक्यावर एकतीस वर्षं
चाव्यांवर कानस चालवलेला माणूस:
"म्हणजे आत मोडलेली चावी.
कुलूप बाद."
"अंग रोज नवी कुलपं घडवतं," त्या म्हणाल्या,
"म्हणून रोज एक. पाच वर्षं."

हा चौदावा महिना.
रात्री मानेतून वाफ निघते, पंखा पाचवर,
हे न बोलता गोधडी ओढून घेतात.
सकाळी बोटं वळत नाहीत.
डब्याचं झाकण, ब्लाउजचे हूक,
आणि परवा, कळव्याच्या आमच्याच दाराशी
भाजी खाली ठेवून मी उभी,
चावी आत, मनगट फिरेना.
लवेकरांचा पोरगा शाळेतून येईपर्यंत
मेथी मान टाकून बसली.

यांना मी सांगितलं नव्हतं.
त्यानेच सांगितलं असणार.

रविवारी माझ्यापुढे नवी चावी.
पितळी डोकं चपट्या पेढ्याएवढं,
कडा घासून घासून गुळगुळीत.
"फिरव."

फिरली.
मग उगाच लावलं दार, पुन्हा उघडलं,
पुन्हा लावलं.
आतून हे ओरडले, भात गार होतोय,
आणि गोळी राहिलीय तुझी.