मानस

आमच्या बोरीत मानस म्हणजे मन नव्हे.
मानस म्हणजे बांधातलं दार,
फळ्यांचं, काळं, शेवाळलेलं,
जुवारीचं खारं पाणी शेतात येऊ न देणारं.

भरती आली की पाण्याच्याच रेट्याने ते मिटतं,
सुकती लागली की आपसूक उघडतं.
सगुणबाब म्हणतो, ह्याला माणूस लागत नाही.
माणूस लागतो तो भोकं बुजवायला.

माझी भरती रात्री साडेअकराला.
उशीखालून निळा उजेड.
लुर्दीनने स्विंडनहून बर्फ टाकलाय:
लाल टोपी, वाफाळता कप, मागे कुणाची तरी मोटार,
दोनशे बारा जणांना आवडलंय.
मी दुपारी अळसांद्यांचं तोणाक टाकलं होतं,
काशाच्या वाटीत, वर कोथिंबीर.
अकरा.
त्यातला एक नवऱ्याचा. तो शेजारीच घोरतोय.
आणि एक, खोटं कशाला बोलू, माझा.

मग कोण बघून गेलं त्याची यादी.
वहिनीने बघितलं, बोलली नाही.
फोंड्याची ती, जिची पोर मेडिकलला लागली,
तिने बघितलंच नाही.
कोण न बोलता दारावरून गेलं
हे आमच्या आईला कधी कळायचं नाही.
तिला झोप लागायची.

गेल्या वर्षी खेकड्याने बांधाला भोक पाडलं,
करंगळीएवढं.
अवसेच्या उधाणात तीन कुणगे खारावले.
सगुणबाबने माती उचलून जिभेला लावली, थुंकला.
थोडं खार कोरगुट सोसतं, बाये,
पण आलेलं पाणी परत जायला हवं.

तेही मी टाकलं होतं:
पांढरट पडलेली माती, खाली रडका चेहरा.
तेहतीस. माझा उच्चांक.
त्या रात्री शेताचं दुःख करायचं सोडून
चौतिसाव्याची वाट बघत बसले.

काल लुर्दीनला लिहायला घेतलं.
किती छान गं तुझं. पुसलं.
मजा आहे बाई एकेकीची. पुसलं.
मग चुकून, की मुद्दाम,
बोट तिच्या नंबरावर पडलं
आणि तिने उचललं.

गोदामातली दहा मिनिटांची सुट्टी,
मागे कसल्याशा पट्ट्याची घरघर.
बर्फाबद्दल ती बोलली नाही,
मी विचारलं नाही.
तिला सर्दी झाली होती, किंवा सर्दी नव्हती ती.
बऱ्याच वेळाने म्हणाली,
बांधावर आता भरती की सुकती?

मला ठाऊक नव्हतं.
घरापासून शंभर पावलं,
आणि मला ठाऊक नव्हतं.

थांब, म्हटलं, बघून सांगते.
अंधारात चपला सापडेनात.
फोनचा उजेड लावावा,
तर तो कानाला होता.