लाल वर्तुळ

नळस्टॉपच्या मागे, दातांच्या दवाखान्याखालचं तळघर.
खुर्च्या तेवीस, माणसं चौदा.
सुनीती कोंढरेची फिल्म, नऊ मिनिटांची.
कुणीतरी उठून पंखा बंद केला, आवाज येतो म्हणून.
फिल्मला तर आवाजच नव्हता.

पडदा काळा.
त्यावर एक लाल वर्तुळ.
बस्स.

तिने म्हणे दोन वर्षं बातम्या जमवल्या,
सीसीटीव्हीच्या, कुणाकुणाच्या मोबाईलमधल्या,
आणि चौकटीतून सगळं खरवडून काढलं:
रस्ता, काठ्या, माणसं, कोपऱ्यातली वेळ, खालची पळती पट्टी.
ठेवलं फक्त वर्तुळ,
आम्ही काढलेलं, इथे बघा म्हणणारं.

आम्ही म्हणजे मी.
सहा वर्षं रात्रपाळी, मुंढव्याच्या ऑफिसात.
कुठे बघायचं ते मी ठरवायचो
आणि धूसर किती करायचं तेही.
चेहरा पुसायचा, मार दिसला पाहिजे.

एक वर्तुळ डावीकडून उजवीकडे पळालं.
एक जागच्या जागी फुगत गेलं.
एक उसळलं, पडलं, पुन्हा उसळलं.
पुढच्या रांगेतली मुलगी हसली.
चेंडूच दिसत होता तो, तिचं काय चुकलं?

सहाव्या मिनिटाला माझं आलं.
आपलं अक्षर ओळखतोच माणूस.
खालून उजवीकडे किंचित चपटं;
त्या रात्री माऊस अडकत होता.
चाकणची क्लिप. अकरा सेकंद, तीनदा, मग संथ.

वर्तुळ खाली जातं. थांबतं.
मग थरथरतं जरासं,
बोटभर वर येतं, खाली बसतं,
पुन्हा वर, अर्धं बोट.
फ्रेम-फ्रेम पकडली होती मी ती हालचाल.
शिफ्टचा प्रमुख म्हणालेला, वा, चिकटलंय अगदी.
तो उठायला बघत होता
हे त्या तळघरात
मला एकट्याला ठाऊक.

दिवे लागले. एका काकांनी विचारलं,
"पण तुम्हाला नेमकं म्हणायचंय काय?"
सुनीतीने चष्मा पुसला. "अजून मोजतेय," म्हणाली.
मग विषय रोलच्या किमतीवर गेला,
आणि कर्वे रोडवर आता पार्किंग कुठे मिळतं त्यावर.

दाराशी वही होती: नाव, फोन, अभिप्राय.
माझं लिहिलं.
त्याचं विचाराल तर
नाव खालच्या पट्टीत जायचं,
आणि पट्टी दुसरा मुलगा बघायचा.