साडेसातची फेरी

मंडईच्या अष्टकोनी इमारतीखाली, सकाळी साडेसातला,
आठ पाहुणे आणि छत्री नसलेला मी.
कंपनीनं दिली होती, पिवळी, लांबून दिसावी म्हणून.
पहिल्याच आठवड्यात चंद्रभागाबाई कुदळ्यांच्या गाळ्यावर राहिली.
आता तिच्या सावलीत चाकवत निजतो.

नमस्कार, मी नीळकंठ.
पुढचे चार तास तुमची जीभ माझ्या ताब्यात.
इथं हशा येतो.
आला.

सांगत नाही ते असं:
दोन वर्षांपूर्वी तापातून उठलो,
बायकोनं वरणभातावर लिंबू पिळलं
आणि मला फक्त ओलं लागलं.
ओलं, गरम. बस.
डॉक्टर म्हणाले, येईल.
एस्टीच्या चौकशीच्या खिडकीतून म्हणतात ना, तसं.

तरी बोलतो. बोलायचे पैसे मिळतात.
हा चुका, हा चाकवत,
एका पातेल्यात घातले तर चुका आधी बोलतो.
लुधियानाचं नवं जोडपं एकेक पान चावतं.
तिचा एक डोळा आपोआप मिटतो.
म्हणजे आज चुका जून आहे.
असं चालतं माझं.
लोकांच्या तोंडावर जेवतो.

मिसळीच्या दुकानात पाटी:
रस्सा पुन्हा मिळेल. शेव पुन्हा मागू नये.
का, ते विचारू नये.
फोटो निघतात. पाटीचे जास्त, मिसळीचे कमी.
नागपूरचे वैरागडे, निवृत्त ओव्हरसिअर, चमचा खाली ठेवतात.
हे तिखट? आमच्याकडं बाळंतिणीला देतात एवढं.
पण कपाळावर तीन थेंब.
मी मनात नोंद करतो, रस्सा आज जमलाय,
आणि मोठ्यानं सांगतो, लवंग जरा पुढं आलीय बघा.
सगळे माना डोलावतात.
लवंग आता खरंच पुढं येते बहुतेक.

तांबट आळीत खायला काही नाही.
यादीतही नाही ती.
तरी वाकडी वाट करून नेतो,
पाच मिनिटं उभं करतो त्या ठोक्यांच्या मध्यात.
कुणी विचारत नाही का.
इथं कान पुरतात.

मग चहा. अंबालाल ओझा.
पुण्यात हा एकटा जाणतो.
एकदा त्याच्या पोरानं पातेल्यात साखरेऐवजी मीठ लोटलं,
गिऱ्हाईकं गटारीकडं धावली,
मी कप संपवून वा म्हणालो.
अंबालालनं माझ्याकडं पाहिलं.
काही बोलला नाही, पैसे घेतले नाहीत.
तेव्हापासून
आलं जास्त असलं की खलात बत्ता दोनदा वाजवतो,
वेलची असली की एकदा, हलकेच.
टण्. टण्.
आज आलं आहे, मंडळी, घशात उतरताना कळेल.
आणि कळतं त्यांना.

वैरागड्यांची नात, तितिक्षा, वय वर्षे नऊ,
बशीतून फुंकत विचारते,
काका, तुम्ही काहीच का खात नाही?
घरून खाऊन निघतो.
रोज?
रोज.
ती बशी खाली ठेवत नाही, नजरही.

साडेअकराला पुन्हा मंडई. बक्षिशी, पत्ते, हातात हात.
चंद्रभागाबाई हाक मारते, सवयीनं,
मेथीची एक काडी पुढं करते.
सत्त्याहत्तरी गाठली तिनं.
माझं तोंड मेलं रे नीळकंठा, तू सांग, कडू आहे का?
दीड वर्षं ती मला असं विचारते.
दीड वर्षं मी चावतो, थंड, ओलं, दोरे,
आणि म्हणतो, झकास.
माझ्या झकासवर तिनं किती जुड्या विकल्या, मोजलं नाही.

आज काडी हातात तशीच राहिली.
तितिक्षा, इकडं ये गं. चाव.
चावली. जीभ बाहेर काढून हातानं पुसली.
कडू, म्हणाली. खूप.

कडू आहे, मावशी.

चंद्रभागाबाईनं माझ्याकडं पाहिलं, मग पोरीकडं,
पिवळी छत्री जराशी कलती केली मेथीवर,
आणि समोरच्या बाईला म्हणाली,
पाच रुपये कमी दे गं.