मान

कुडचड्याच्या बाजारात, मासळीच्या गल्लीला लागून
माझं दोन खुर्च्यांचं दुकान.
तुळशीदास वेळीप डाव्या खुर्चीतच बसतो.
तिथला आरसा एका कोपऱ्यात काळवंडलाय,
त्याचा उजवा खांदा नेमका त्यात बुडतो.

पहिल्यांदा आला तेव्हा मिसरूड फुटत होतं,
केप्याहून सायकलनं. म्हणाला, बारीक काप,
कुणाच्या मुठीत यायला नकोत.
तेव्हा कान नीट होते. मी साक्षीला आहे.

मग बेळगावची तांबडी माती,
मग ज्युदोचा जाड सदरा, मग कुठल्याशा शहरात
जाळीच्या पिंजऱ्यातली झुंज, जी मी मोबाइलवर पाहिली
गिऱ्हाइकाच्या अर्ध्या दाढीवर साबण वाळेपर्यंत.
दर परतीला कान आणखी मिटलेले,
उकडूनही न उघडलेल्या तिसऱ्यांसारखे.
कात्री तिथं आली की मी श्वास धरायचो.
तो म्हणायचा, काप रे, तिथलं दुखून संपलं.

खांदा गेला तो दिवस त्यानं कधी सांगितला नाही.
इतरांनी सांगितला: हात मागे वळत वळत गेला,
पंच वाकून विचारत होता, कोपऱ्यातून हाका, थोपट, थोपट,
आणि हा खाली बघत राहिला
धिरयोतल्या बैलासारखा, ज्याला पळायची वाट
दिसत असते, पण मालकही दिसत असतो.
आवाज शेवटच्या रांगेपर्यंत गेला म्हणे.

दोन वर्षं दाढी वाढवून खनिजाच्या ट्रकवर.
खाणी थांबल्या, ट्रक गंजले,
तेव्हा दुरुस्तीच्या शेडमध्ये यानं निळ्या गाद्या घातल्या.
तीन पोरं आणि एक भटका कुत्रा.
पहिला धडा कुठलाच डाव नव्हता.
दोनदा थोपटायचं.
समोरच्याच्या पाठीवर, गादीवर,
हात अडकले असतील तर टाचेनं.
तासभर तेवढंच. दोन पोरं कंटाळून गेली.
बाहेरून वाटायचं आत कुणी भाकऱ्या थापतंय.

मागच्या गुरुवारी वेल्नी कुलासोला घेऊन आला.
फोंड्याला हरली होती. कोपर शाबूत,
डावा कान सुजून टम्म.
आई दारात, पिशवी छातीशी धरून.
वेल्नी म्हणाली, कान दिसेल असे काप.
आई म्हणाली, झाकेल असे.
मी तुळशीकडे पाहिलं. तो म्हणाला, डोकं तिचं आहे,
आणि मासळीवालीकडे बर्फ आणायला गेला.
मी दिसेल असेच कापले.
आईनं सुटे पैसे मोजून ठेवले, एक शब्द न बोलता.

सगळे गेल्यावर तो बसला. मान मागे टाकली.
वीस वर्षं माणसं जिच्यासाठी झटली
ती माझ्या तळहातावर, सगळ्या वजनासकट.
वस्तरा कंठाशी आला तेव्हा डोळे मिटलेले.
साबण नाकात गेला असावा,
शिंक येत होती बहुतेक.
खुर्चीच्या हातावर बोटांनी दोनदा थोपटलं.

मी वस्तरा उचलला.